चौथ्या दिवसाचं पाणी

संघप्रियाचा नवरा नागसेन प्रादेशिक सेनेत होता. वर्षातले दोन महिने वर्दी, बाकीचे दिवस तामलवाडीजवळच्या आपल्या गावात नळाला पाणी सोडायचं काम. मे महिन्यात सीमेवर तोफा धडाडल्या आणि त्याला बोलावणं आलं. जाताना व्हॉल्व फिरवायची लोखंडी चावी त्यानं बायकोच्या हातात दिली. "पंधरा दिसाचा तर प्रश्न हाय."

गावात आजवर बायांनी पाणी भरलं होतं, सोडलं नव्हतं. पारावरच्यांनी दात काढले. पण कुणाची घागर रिकामी राहते, हे संघप्रियाला कुणी सांगायला नको होतं. नागसेन सगळे व्हॉल्व एकदम उघडायचा. उतारावर पाण्याची चंगळ, वरच्या आळीत नळाला नुसती हवा. हिनं खालचे व्हॉल्व बंद ठेवून वरच्या आळीची वेगळी पाळी लावली. चौथ्या दिवशी का होईना, नीलम्मा आजींच्या नळाला बारा वर्षांनी धार लागली. सरपंच कल्याणप्पांनी शाल-नारळ देऊन सत्कार केला. शहाणी असती तर बाईनं तेव्हाच थोडं वाईट काम केलं असतं!

लढाई चार दिवसांत थांबली, नागसेनची तुकडी मात्र परतेना. इकडं धाराशिवला नर्सिंगच्या यादीत संघप्रियाचं नाव लागलं. लग्नाआधीपासून तिनं तेवढंच मागितलं होतं. पण जायचं कसं? "जवानाची बायको तू, गावाला तहानेलं टाकून जाशील व्हय?" जो तो म्हणायचा, तेही कौतुकानं. कौतुक करणाऱ्याला शिवी देता येत नाही. ती आतल्या आत चरफडायची.

प्रवेशाच्या शेवटच्या तारखेच्या आदल्या संध्याकाळी नागसेन आला. तिला रडूच फुटलं. सकाळी तो पाणी सोडायला गेला आणि ही कागदांची पिशवी घेऊन एसटीच्या थांब्यावर आली.

तिथंच वरच्या आळीच्या बायांनी तिला गाठलं. नागसेननं जुन्या सवयीनं सगळे व्हॉल्व उघडले होते.

"त्याला न्हाय जमायचं, पोरी," नीलम्मा म्हणाल्या. "तूच चल."

"आजी, त्यास्नी दाखवते की मी समदं. पर आज शेवटची तारीख हाय माझी."

समोर एसटी येऊन थांबली होती. म्हातारीनं मायेनं तिच्या गालावरून हात फिरवला.

"मग उद्या जा की, बाई. आज आमच्या पाण्याची पाळी हाय."

तोवर कुणीतरी तिच्या हातातली पिशवी आपुलकीनं काढून घेतलीही होती.