बॅटरी उतरली

“थांब ना बे, घाई काहून करून राहिला?” असं म्हणत तो कॅमेऱ्याच्या काचेवर तळहात ठेवायचा. मी अमरावतीत एका वृत्तवाहिनीचा बातमीदार होतो, तो माझा कॅमेरामन. तेल्हाऱ्याचा. वयानं मोठा, म्हणून मी त्याला दादा म्हणायचो.

त्याच्यामुळे आमची बातमी नेहमी उशिरा पोचायची. बोलणी मात्र मला बसायची.

काश्मीरमध्ये पर्यटकांवर अतिरेक्यांनी गोळीबार केला, तो दिवस. तुम्हीही टीव्हीसमोरून हलला नसाल. बडनेऱ्याजवळच्या एका भाजीवाल्याच्या घरातला मुलगा आणि सून तिकडे फिरायला गेले होते. फोन लागत नव्हता. आम्ही पोचलो तर मुलाची आई टीव्हीसमोर बसलेली. खाली पट्टी फिरत होती : ‘अमरावतीचं दाम्पत्य बेपत्ता’. ती बातमी मीच दिली होती.

अंगणात एक पुढारी आले, त्यांच्या मागोमाग विरोधी पक्षाचे. दोघांनाही आईशेजारी बसूनच बोलायचं होतं. तेवढ्यात मुंबईहून आमच्या डेस्कचा फोन. “आई रडतेय ना? पाच मिनिटांत लाइव्ह.”

मी माइक काढला. दादानं कॅमेरा खाली ठेवला.

“बॅटरी उतरली,” तो सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला.

बॅगेत दोन भरलेल्या बॅटऱ्या होत्या. मी माइक परत बॅगेत टाकला.

तो आईजवळ जाऊन उकिडवा बसला. “माय, बंद करू का हे?”

“कर बाप्पा. मले पाहवत नाही, अन् बंदही करवत नाही.”

अर्ध्या तासानं तिचा फोन वाजला. नंबर अनोळखी. दादानंच तो उचलून तिच्या कानाला लावला.

“कुठी आहेस रे?... अन् सूनबाई?... जेवले का तुमी?”

सुनेला ताप आला, म्हणून दोघं हॉटेलातच थांबली होती. सुखरूप होती. आई हसता हसता रडायला लागली. पुढारी एकमेकांकडे बघत गाड्यांकडे वळले. दोघं सुखरूप असल्याचं मी कळवलं, तसा डेस्कवरून मेसेज आला, “आनंदाश्रू घ्या!” मी फोन बंद करून खिशात टाकला.

पुढे दादा नोकरी सोडून गावी गेला. त्याच्यानंतरचे कॅमेरामन चपळ आहेत. बातमी वेळेवर जाते.

पण मला तो त्या संध्याकाळचाच आठवतो. परतताना त्यानं रस्त्याच्या कडेला गाडी थांबवली आणि पुण्यात शिकणाऱ्या मुलीला फोन लावला.

“काई नाही व,” तो म्हणाला, “सहजच केला.”

मग कितीतरी वेळ तो नुसताच ऐकत उभा राहिला.