भुरीआक्का आणि कोपऱ्यावरचा शिसव

भुरीआक्का रस्त्यात कुणालाही अडवत. ओळख असायची गरज नसे. "ओ पावणं, जरा एक डोळा मिटा," म्हणत आणि दुसऱ्या डोळ्यासमोर भिंग धरत. भिंगापलीकडे शिसवाचं पान, पानावर पांढरी भुकटी. लोक म्हणत, धूळ आहे. "धूळ न्हाय, भुरी हाय. बुरशी. जिती हाय की."

आक्का एका कॉलेजात वनस्पतिशास्त्राच्या प्रयोगशाळेत मदतनीस होत्या. सरांनी शिकवलेलं विद्यार्थी विसरून गेले. मागं काचपट्ट्या धूत उभ्या असलेल्या आक्कांच्या मात्र पक्कं ध्यानात राहिलं. निवृत्त होऊन त्या आमच्या शेजारी राहायला आल्या. थंडी पडली, पानांवर भुरी धरली, की त्यांच्या अंगात वारं शिरे. मला घेऊन रंकाळ्यावर फिरायला निघत आणि तासाभरात आमची चार झाडं जेमतेम मागं पडत. भुरीत बारीक काळे ठिपके सापडले की त्या हसत सुटत. का हसतोय ते न कळता मीही पोट धरून हसे.

एका वर्षी आमच्या कोपऱ्यावरचा शिसव पांढराफटक पडला. त्याच्या सावलीत तिघी भाजीवाल्या बसत. कुणीतरी उठवलं, कॉलनीतला खोकला या भुकटीमुळेच आहे. माझे वडील, आबा, कॉलनीचे अध्यक्ष. त्यांनी झाड तोडायचा अर्ज लिहिला आणि रविवारी सगळ्यांना सह्यांसाठी झाडाखाली बोलावलं. भाजीवाल्या पाट्या आवरून उभ्या होत्या.

आक्का भिंग घेऊन मध्ये आल्या. "आधी बघायचं, मग सही."

"आक्का, खूळ पुरे," आबा म्हणाले. "लोकांच्या छातीचा प्रश्न हाय."

"मग माझी छाती तपासा की. उभा जन्म हिच्यात नाक घालून बसलीया मी. ही पानावर जगती, माणसावर न्हाय. पानं झडतील, नवी येतील, झाड हाय तिथंच ऱ्हाईल. खोकला कशाचा ते सांगू? रोज सकाळी पाल्याचा ढीग कोण पेटवतंय?"

पाला आबाच पेटवत. सगळी कॉलनी खाली मान घालून हसू दाबत होती. आबांनी भिंग हिसकावूनच घेतलं. त्यांना एक डोळा मिटता येईना, म्हणून त्यावर हात धरला. एक पान तोडून भिंगापुढं धरलं आणि फिरवून फिरवून बघितलं.

"ठिपका गोल हाय," शेवटी म्हणाले, "आन् त्याला चहूकडनं काचेच्या सुया हायत."

"आबा, सरका आता," मागून आवाज आला, "आमचाबी नंबर हाय."

बघता बघता रांग पार किराणा दुकानापर्यंत गेली. सही एकानंही केली नाही. अर्जाच्या कागदात भाजीवालीनं आईला मिरच्या बांधून दिल्या. आबांनी पाला जाळणं सोडलं आणि रंकाळ्यावरच्या फेरीला तेही आमच्यासोबत येऊ लागले.

गेल्या वर्षी गुडघ्यांनी दगा दिला, तशा आक्का बहिणीकडे गारगोटीला गेल्या. या आठवड्यात त्यांचा फोन आला. "आबांना दे. हितल्या शिसवावर भुरी आलीया, आन् गल्ली कुऱ्हाड शोधतीया."

आबा पहिल्या एसटीनं गेले. झाड वाचल्याचा निरोप त्याच संध्याकाळी आला. आज चौथा दिवस, आबांचा पत्ता नाही. आई म्हणते, "माझीबी पिशवी भर. काय बघत बसल्यात ते मीबी बघून येते."