उघड्या बरगड्यांचं जहाज

सिराजचाचाला कामाची घाई करायला सांगून बघा एकदा. हातातला रंधा खाली ठेवील, चष्मा कपाळावर चढवील आणि असा बघेल की आपणच काहीतरी वाह्यात बोललो असं वाटावं. बहरीनमधल्या मुहर्रकच्या ह्या कारखान्यात हिशेब आणि ऑर्डरी माझ्याकडे, लाकूड त्याच्याकडे. मी श्रीवर्धनचा लतीफ, तो जयगडचा सिराज होडेकर. खोली एकच, चहाचं पातेलंही एकच.

त्याचा बाप, आजा खऱ्या होड्या बांधायचे. चाचा इथे हातभर लांबीच्या बांधतो. बँका, कंपन्या त्या पाहुण्यांना भेट देतात. तू बांधलेली एकही होडी कधी पाण्यात गेली नाही, असं मी त्याला चिडवायचो. आता नाही चिडवत.

गेल्या हिवाळ्यात त्याच्या धाकटीचा, सुहाचा निकाह ठरला. थोरलीचा कोरोनात झाला होता, विमानं बंद होती, तेव्हा त्याने नशिबाला बोल लावून सोसून घेतलं. ह्या खेपेला जायचंच होतं. सुरैयाचाची वारल्यापासून जयगडच्या घरात सुहा एकटी, शेजारी चाचाचा भाऊ मुख्तार. नवरा मुलगा कुवेतला नोकरीला, त्याची सुट्टी थोडी, म्हणजे तारीख हलणार नव्हती. आमचा अरबाब, म्हणजे मालक, म्हणाला, इंग्रजांच्या जहाजाची ऑर्डर पुरी कर आणि खुशाल जा. सुट्टी न घेता गेलं की व्हिसा खलास, हे चाचाला सांगायची गरज नव्हती.

ऑर्डर एका प्रदर्शनाची होती. निधी नावाची मुंबईची मुलगी नकाशे घेऊन आली, आणि भली पोर, चटईवर बसून सगळं समजावून सांगत बसली. चारशे वर्षांपूर्वी इंग्रज ह्या समुद्रात आले तेव्हा त्यांना कुत्रंही विचारत नव्हतं. जोर पोर्तुगीजांचा. त्यांचा परवाना नसला की ते आपली जहाजं लुटायचे. मग इंग्रजांनी सुरतेजवळ त्यांना झोडपलं, पुढे इराणच्या शहाशी हातमिळवणी करून होर्मुझ घेतलं, आणि हळूहळू परवाने तेच वाटायला लागले. म्हणजे आपल्याला फरक फक्त शिक्क्याचा, मी म्हटलं. निधी हसली, चाचा हसला नाही.

ती म्हणाली, इंग्रजांचं बळ जहाजाच्या पोटात होतं. जड तोफा खाली, पाण्यालगत रांगेने ठेवायच्या आणि त्यांचा भार नि धक्का सोसेल असा सांगाडा बांधायचा. म्हणून जहाजाची एक बाजू फळ्यांशिवाय हवी, लोकांना आतल्या बरगड्या दिसायला हव्यात. चाचाने मान डोलावली. त्याला सगळं कळलं होतं हो, पण हातांना कोण सांगणार?

आमच्याकडे होडी फळ्यांपासून सुरू होते. तळाचं लाकूड टाकायचं, फळ्या वळवत वर न्यायच्या, होडीला आकार आला की मग आत बरगड्या बसवायच्या, जिथे जशा बसतील तशा. इंग्रजांचं उलटं. आधी बरगड्या उभ्या, फळ्या नंतर. चाचाने ठरवलं, नेहमीसारखं बांधू आणि शेवटी एका बाजूच्या फळ्या उतरवू. मलाही त्यात काही वावगं वाटलं नाही. दिसायला इतकं देखणं झालं होतं जहाज, की अरबाब स्वतः फोटो काढून गेला. चाचाने मुलीसाठी बाब अल बहरीनच्या बाजारात जाऊन कापडही घेऊन ठेवलं.

फळ्या उतरवल्या आणि निधी बघतच राहिली. बरगड्या वेड्यावाकड्या अंतरावर होत्या. नकाशात तोफेचं प्रत्येक भोक दोन बरगड्यांच्या मध्ये होतं, आमच्या भोकांनी बरगड्याच कापल्या होत्या. हे जहाज पहिल्याच तोफेला फुटलं असतं. तिलाच रडू यायचं बाकी होतं. तिने अरबाबला सांगितलं, अरबाबने चाचाला सांगितलं, आधी जहाज, मग सुट्टी, इंशाल्ला.

माझं डोकंच फिरलं. मी अरबाबच्या केबिनमध्ये गेलो, मोडक्यातोडक्या अरबीत भांडलो, की त्याला जाऊ दे, आल्यावर करील. अरबाब शांतपणे म्हणाला, मफी, नाही जमणार, प्रदर्शन थांबणार नाही. बाहेर आलो तर चाचा जहाज मोडायला बसला होता. एकेक बरगडी सोडवून कडेला ठेवत होता. मी म्हटलं, अरे बोल की काहीतरी! तो म्हणाला, थकलो रे, आणि पुढची बरगडी सोडवायला लागला.

निकाह जुम्म्याच्या नमाजनंतर होता. आम्हा कोकणी मुसलमानांत, शाफई पंथात, बापाच्या परवानगीशिवाय मुलीचा निकाह लागत नाही. बाप दूर असला तर त्याने दुसऱ्या कोणाला तरी वकील नेमायचं. मी व्हिडिओ कॉल लावून फोन रंध्याला टेकवून उभा केला. चाचाने नवा सदरा घातला होता, केसांत भुसा तसाच. तिकडून काझींनी विचारलं.

"मी सिराज होडेकर, माझा भाऊ मुख्तार याला माझी मुलगी सुहा हिचा निकाह लावून द्यायची परवानगी देतो."

आवाज नीट आला नाही म्हणून काझींनी पुन्हा म्हणायला लावलं. दुसऱ्या वेळी चाचाला सुहाच्या नावापुढे जाता येईना. मी पाठीवर हात ठेवला, तेव्हा कुठे वाक्य पुरं झालं. मग तिकडे दुआ सुरू झाली आणि फोन कोणीतरी पालथा ठेवला.

जहाज झालं. ह्या खेपेला बरगड्या आधी, एकसारख्या. प्रदर्शनात गोरे पाहुणे वाकून वाकून बघत होते. चाचा आला नाही.

ईद झाल्यावर अरबाब स्वतः कारखान्यात आला, लांब रजा आणि तिकीट घेऊन. चांगुलपणाने आला होता, खोटं कशाला बोलू. चाचाने शुक्रन म्हटलं, तिकीट माझ्या टेबलावर ठेवलं आणि हात धुवायला गेला. त्याच आठवड्यात सुहाचा व्हिसा येऊन ती कुवेतला गेली होती. थोरली आधीपासूनच नवऱ्याबरोबर परदेशी, जयगडच्या घराची किल्ली आता मुख्तारकडे.

संध्याकाळी आम्ही हिद्दच्या बाजूला समुद्रावर बसलो होतो. कुवेत कुठल्या अंगाला, त्याने विचारलं. मी उत्तरेकडे हात केला, म्हटलं, जयगडपेक्षा किती तरी जवळ.

"मग लतीफ, ही रजा घेऊन मी जाऊ कुठे?"

दुसऱ्या दिवशी तिकीट परत करायला मीच गेलो.