पोच

एका सकाळी अहिरे वहिनींचा फोन आला. "मंगलताई, हे गेले." मी काहीतरी बोलले असेन... पण फोन ठेवल्यावर राग आला तो स्वतःचाच. चारच दिवसांपूर्वी अहिरे भाऊसाहेब माझ्या नाशिकच्या घरी आले होते आणि मी त्यांना धड बसाही म्हटलं नव्हतं. महिना उलटलाय, राग उतरलेला नाही.

नव्वदच्या दशकातली गोष्ट. जिल्ह्यातल्या एका छोट्या नगरपालिकेत ते वसुलीचे कारकून, मी समोरच्या टेबलावर टायपिस्ट. आठवडे बाजाराची फी गोळा करायचा ठेका पालिकेने एका खाजगी माणसाला दिला होता. त्याने भाजीवाल्या बायांकडून रोख पैसे घेतले आणि पालिकेचे शेवटचे हप्ते बुडवले. ठेका संपल्यावर ठरावीक दिवसांत मागणीची नोटीस त्याच्या हातात पडली पाहिजे, नाहीतर दावा चालणार नाही, अशी करारात अट. मुख्याधिकाऱ्यांना सहीला वेळ मिळाला तो शेवटच्या दिवशी. पोस्टाने पाठवायला उशीर झाला होता, म्हणून भाऊसाहेब स्वतः सायकल काढून निघाले.

ठेकेदाराच्या दारात मांडव. मुलीची हळद चाललेली. त्याने पुढे येऊन नोटीस घेतली, वाचली, घडी करून खिशात घातली आणि दोन्ही हात दाखवले. "भाऊसाहेब, हात हळदीनं भरल्यात. पोच उद्या धाडतो. जेवून जा." मुलीच्या बापाकडे हळदीच्या दिवशी सहीसाठी अडून बसायचं कसं? "मंगलताई, तिथे पोच मागणं म्हणजे आपल्यालाच पोच नसणं," दुसऱ्या दिवशी ते मला म्हणाले. मीही मान डोलावली. आम्ही दोघंही मूर्खच.

पोच आली नाही. कोर्टात ठेकेदाराने शपथेवर सांगितलं की नोटीस मिळालीच नाही. ऑफिसातल्याच एकाने सुचवलं, मांडवातल्या कुणाचीतरी सही घेऊ, मागची तारीख टाकू, कोण बघतंय. भाऊसाहेब नाही म्हणाले, तेही इतक्या हळू आवाजात की मला टाइपरायटर थांबवावा लागला. मग चौकशी लागली, वेतनवाढ थांबली. गावात तर निकालच लागला होता... अहिऱ्यांनी खाल्ले असतील, उगाच का कोण पोच विसरतं. पैसे पालिकेचे होते, गेलं ते त्यांचं नाव. दावा जिंकला तरच ते परत येणार होतं, म्हणून निवृत्तीनंतरही ते नाशिकच्या कोर्टात प्रत्येक तारखेला जाऊन मागच्या बाकावर बसायचे. त्यांना कुणी बोलावलेलं नसायचं.

त्या हळदीनंतर त्यांनी स्वतःची एक पोचवही केली होती. लग्नपत्रिका असो, उसनी साखर असो, वही पुढे यायची. आम्ही हसायचो. "भाऊसाहेब, वहिनी चहा देतात त्याचीही पोच देता का?" ते म्हणायचे, "हसा, पण सही करा."

जाण्याआधी चार दिवस माझ्याकडे आले ते अपिलाच्या निकालाची नक्कल घेऊन. दावा फेटाळला होता, नोटीस बजावल्याचा पुरावा नाही म्हणून. ठेकेदार वरून खर्चही मागत होता. "नोटीस तुम्ही टाइप केली होतीत, म्हणून एक प्रत तुम्हाला," म्हणाले आणि वही पुढे केली. माझी कणीक अर्धी मळून झालेली, पाहुणे यायचे होते. मी म्हटलं, "हात पिठाचे आहेत हो, उद्या करते सही." ते माझ्या हातांकडे बघत राहिले. मग नक्कल ओट्यावर ठेवली, वही पिशवीत घातली. "असू द्या," म्हणाले आणि गेले. काय बोलून बसले ते मला कळलं तोवर ते जिना उतरून गेले होते.

तेराव्याला वहिनींनी ती वही माझ्यासमोर ठेवली. शेवटच्या ओळीत त्यांच्या अक्षरात माझं नाव, पुढचे दोन रकाने कोरे. वहिनी म्हणाल्या, "त्या दिवसाचीच तारीख टाका, त्यांना बरं वाटेल." मी सही केली. तारीख मात्र त्या दिवसाची टाकवेना, मागची तारीख त्यांनी उभ्या आयुष्यात कधी टाकू दिली नव्हती. तेराव्याचीच टाकली. मुदत संपल्यानंतरची.