उतार न उतरणारी गाय

१ नोव्हेंबर २००० रोजी छत्तीसगड राज्य अस्तित्वात आले आणि रायपूर त्याची राजधानी झाले. पुढच्या दोन वर्षांत शहरभर कचेऱ्यांच्या इमारती उभ्या राहू लागल्या. रायपूरजवळच्या बीरगांवचा गौतम तिथे सळया बांधायला जाई. त्याच्या घरच्या कपिला गाईने आठवडाभर चारा टाकला होता, तोंडच लावत नव्हती.

गुरांच्या सरकारी दवाखान्यात बाबाराव ड्रेसर, म्हणजे मलमपट्टी करणारे मदतनीस, होते. मूळचे वर्ध्याकडचे, नोकरी बावीस वर्षांची. नव्या डॉक्टर स्वरदा मॅडमनी गाईला दोनदा पोटाचे औषध दिले होते. गुण नव्हता.

"काका, नाटक आहे हिचं. उतारावर पायच टाकत नाही," गौतम म्हणाला. "उद्या गोशाळेत सोडून येतो."

त्याची आई इंदू गाईच्या मानेवर हात ठेवून उभी होती.

"काहून रे पोट्ट्या, गाय का नाटक कंपनीत आहे?" बाबाराव म्हणाले. "एक दिवस दे मले."

त्यांनी गाय मोकळी सोडली आणि नुसते पाहत राहिले. ती पुढचे पाय ओट्यावर चढवून उभी राही. पाठ वाकलेली, पुढच्या पायांची कोपरे अंगापासून दूर. चढाला मुकाट चाले. नाल्याच्या उताराशी तीनदा नेली, तिन्ही वेळा कण्हून थबकली. बाबारावांनी प्रत्येक वेळ वहीत टिपली. उतारावर पोटाचा भार पुढे येतो. पुढेच काही टोचत असणार.

"हट्टी नाही, मॅडम. तिले टोचून राहिलं."

"वहीवरून पोट उघडू?" स्वरदा मॅडम हसल्या. "कुछ नहीं निकला तो?"

"तर वही नाल्यात टाका. पण आधी तुमीच तिले उतारावर न्या."

मॅडम स्वतः दावे धरून गेल्या. ते कण्हणे ऐकले आणि परतल्या त्या शस्त्रक्रियेची तयारी करायलाच.

पोटातून बोटभर गंजकी तार निघाली. गौतमचा चेहरा उतरला. सळया बांधून उरलेली असली तार तो घरी आणी आणि दोरीऐवजी तिनेच भाताच्या तणसाच्या पेंढ्या आवळी. निम्मी वस्ती तेच करी; तुटके तुकडे चाऱ्यात राहत.

"आता सांग, नाटक कोणाचं?" इंदू म्हणाली.

शस्त्रक्रियेनंतर अकराव्या दिवशी कपिला आपणहून उतार उतरून पाण्यावर गेली. तेव्हापासून चारा टाकलेले जनावर आले की बाबारावांचा पहिला प्रश्न ठरलेला असे: "तणस कशानं बांधता?"

ती तार गौतमच्या पेंढीतली की रस्त्यावरची, हे ठरवता आले नाही. ती पोटात किती दिवस होती, हेही माहीत नाही. बाबारावांच्या वहीत त्या दोन जागा कोऱ्या आहेत.