आदिनाथचा निम्मा पगार

सोलापूरच्या कोर्टात नाजनीन वकिलीण म्हणून उभी राहते. तिच्याकडं येणारी बहुतेक माणसं घरातलं कुणीतरी रस्त्यावर गमावून आलेली असतात. गेलेल्याचा पगार किती, वय किती, मागं खाणारी तोंडं किती, यावरून भरपाईचा आकडा बसवायचा, हे तिचं रोजचं काम. तिचे वडील गैबीसाब ट्रक चालवायचे. टेंभुर्णीजवळच्या अपघातात ते गेले, तेव्हा ती नववीत होती. कुणीतरी पुढं केलेल्या कागदावर आई कमरबीनं अंगठा उठवला आणि मिळालं ते घेऊन घरी आली. तो आकडा कसा निघाला, हे तिला कुणी सांगितलं नाही. म्हणून आकडा उलगडून सांगितल्याशिवाय नाजनीन कुणाची सही घेत नाही.

मैंदर्गीच्या बजाबाईलाही ती तसंच समजावत होती. बजाबाईचा आदिनाथ सोलापुरात टॉवेलच्या कारखान्यात माग चालवायचा. सुट्टीला गावाकडं येताना अक्कलकोट रस्त्यावर मागून आलेल्या डंपरनं त्याची मोटारसायकल उडवली. पोरगा चोवीस वर्षांचा. बाप धोंडीराम आधीच वारलेला. मागं आई आणि तीन बहिणी. थोरली आरोही नर्सिंग शिकत होती.

विमा कंपनी तडजोडीला तयार होती.

"मावशी," नाजनीन म्हणाली, "बिनलग्नाचा मुलगा निम्मा पगार स्वतःवर खर्च करतो, असं धरतात. तो वजा करून उरलेल्यावर हिशेब होतो."

खाली मान घालून बसलेली बजाबाई ताठ झाली. "कोन धरतंय?"

"कोर्टात तशी रीत आहे."

"माजं पोरगं निम्मं पैसं उडवत हुतं म्हनायचं व्हय? चार दिवाळ्या नवा सदरा घेतला न्हाय त्यानं. पैसं कमी द्या वाटलं तर, पर ह्ये असलं लिवू नगा."

सही केली तर महिन्याभरात पैसे हातात पडतील, लढायचं तर वर्ष-दीड वर्ष जाईल आणि हाती जास्त लागेलच असं नाही, हे नाजनीननं स्पष्ट सांगितलं. आरोहीची फी थकली होती. बजाबाईनं शेजारी बसलेल्या लेकीकडं पाहिलं.

"थांबूया, आई," आरोही म्हणाली. "फीचं बघू आपण."

त्या दोघी गेल्या, पण नाजनीनच्या मनातून ते बोलणं जाईना. विधवा आई आणि शिकती भावंडं एकाच्याच कमाईवर असतील, तर निम्म्याऐवजी तिसरा हिस्साच कापता येतो, हे तिला ठाऊक होतं. फक्त ते सिद्ध करावं लागतं. ती कारखान्यात गेली. शेजारच्या मागावरचा सिद्रामप्पा आदिनाथच्याच खोलीत राहायचा. कानडी वळणाच्या मराठीत तो एवढंच म्हणाला, "येतो की मी कोर्टात. खाडा पडला तर पडू दे."

आणि तो आला. "डबा मैंदर्गीच्या एसटीनं यायचा, साहेब. खोलीचं भाडं चौघांत," त्यानं साक्षीत सांगितलं.

"पान, तंबाखू, सिनेमा?" विमा कंपनीच्या वकिलांनी विचारलं.

"सिनेमाला एकदा गेलो. तिकीट मी काढलं."

मग बजाबाईला विचारलं, मुलगा घरी किती द्यायचा?

"समदं. मग मीच त्याला वाटखर्चाला द्यायची. घेताना लाजायचा."

वकील खाली बसले.

निकाल लागला. न्यायाधीशांनी तिसरा हिस्सा कापला आणि बाकीचं कुटुंबासाठी धरलं. बाहेरच्या बाकावर नाजनीननं नेहमीसारखा सगळा आकडा फोडून सांगितला. बजाबाईनं बोटांवर हिशेब केला. मग म्हणाली, "म्हंजी तिसरा वाटा त्यानं खाल्ला?"

"मावशी, जेवत तरी असेलच ना."

बजाबाईला हसू फुटलं आणि त्याच हसण्यात डोळे वाहू लागले. "जेवायचा की. लई जेवायचा. एका बैठकीला चार भाकरी." मग डबा बांधताना काय काय द्यायची, ते ती सांगत बसली. आरोहीनं तिचा हात धरला होता. वर्षभरात आई दादाबद्दल एवढं पहिल्यांदाच बोलत होती.

आरोहीची फी भरली गेली. धाकट्या दोघींच्या नावानं बँकेत रक्कम ठेवली. आता आरोही अक्कलकोटला एका दवाखान्यात नर्स आहे. अपघाताच्या पेशंटची माणसं गोंधळून उभी दिसली, की ती त्यांना पाणी देते, बसवते आणि नाजनीनचा नंबर लिहून देते. कर्नाटकची हद्द जवळ, त्यामुळं त्यातली निम्मी माणसं फोनवर कानडीतच बोलतात. नाजनीन सध्या सिद्रामप्पाकडून कानडी शिकते आहे. अजून उच्चार चुकतात, पण पलीकडचं माणूस रडत असेल तर धीर कसा द्यायचा, तेवढं तिला जमायला लागलं आहे.