सलीमभाईंच्या पगाराची काळजी

काल पुतण्यानं पेढे आणले. उशिरा मिळालेल्या बढतीचा, पगारातला मागचा फरक जमा झाला म्हणे. वेलदोड्याचा वास आला अन् मला शिरड शहापूरची ती संध्याकाळ आठवली.

आमचे मालक कारकून होते. कार्यालयाच्या चुकीनं त्यांच्या मागून नोकरीला लागलेल्या सलीमभाईंना आधी बढती मिळाली. ह्यांची आली बऱ्याच वर्षांनी, तेव्हा पेढे घेऊन सलीमभाईच आले.

"भाभी, भाऊंना समजवा. मागचा फरक त्यांचा हक्क हाय, अर्ज करू द्या."

"काहून घाई? चहा घ्या आधी, साहेब!" हे हसून म्हणाले.

सलीमभाई गेल्यावर हे मला हळूच म्हणाले, "म्या मागितलं तं याच्या पगारातून कापतील. लेकरं शिकून राहिली त्याची."

केवढा अभिमान वाटला होता मला तेव्हा! काल पुतण्याला विचारलं, तर तो म्हणाला, "न्हाई काकू, फरक सरकार देतं. दुसऱ्याचं काही कापत न्हाईत."

आता हे न्हाईत, सांगू कुणाला? अर्ज केला न्हाई म्हणून भाऊंच्या मनात अजून त्या बढतीचा राग हाय, असं धरून सलीमभाईंनी हळूहळू आमच्याकडं येणंच सोडलं होतं.